खिडकीजवळची जागा

२४ सप्टेंबर १९९६

गोपाल हो म्हणाला! भाकरी मोडता मोडता, एकदम. "हरिहरेश्वरच ना आबा? दक्षिण काशी म्हणतात त्याला. आईचं वर्षश्राद्ध तिथंच करू." मी मान खाली घातली. पोराला श्राद्ध दिसतं, मला कातळ. रस्ता दोघांचा एकच — मग जास्त बोलायचं कशाला?

गावच्या शाळेत सातवीला ती कविता होती. 'काळ्या कातळा, किती ऐकशी, लाट सांगते तेच पुन्हा...' गुरुजी डोळे मिटून म्हणायचे. आमच्या वर्गात समुद्र एकानंही पाहिलेला नाही. गुरुजींनीही नाही! भूगोलात होतं — पृथ्वीच्या पोटातला तापलेला रस वर आला, वाहत गेला, थिजला, त्याचा हा काळा कातळ झाला. मला वाटायचं, आग समुद्रापाशी आली आणि उभी राहिली. पुढं काय बोलावं तिला सुचेना.

सारा जन्म सुरतेत मागांच्या खडखडाटात गेला. खडखडाटातही ओळ तीच.

२६ सप्टेंबर

दुपारी लाइट गेली. पलीकडच्या शेडमधले माग थांबले. अशी शांतता झाली की मला धास्ती वाटली. मोरीत बांगड्या वाजल्या. सूनबाई, उज्ज्वला, बाजारात गेलेली. उठून बघितलं — मोरी कोरडी.

"नेतो गं, नेतो," म्हणालो.

लाइट आली. माग सुरू झाले. बांगड्या त्यात बुडून गेल्या.

३० सप्टेंबर

पित्तरं सुरू झाली. समोरच्या गच्चीवर कावळे. त्यांच्याकडे बघवत नाही.

गेल्या वर्षी सरलाच्या दहाव्याला तापीकाठी कावळा पिंडाला शिवेना. गोपाल म्हणाला, "आई, आबांना सांभाळीन." तिची बहीण मंदा म्हणाली, "अक्का, तुझ्या तुळशीला पाणी घालीन." कावळे भिंतीवरच. ऊन चढलं. भटजी चुळबुळ करायला लागले. तेव्हा मी मनात म्हणालो — सरले, तुला काळ्या कातळाचा समुद्र दाखवतो. आणि उतरला एक! सरळ पिंडावर.

जन्मभर चिडवायची. "तुमना समुद्र तुमलेच ठेवा!" आणि मग हळूच, "माले एकदाव दखाडा तं खरं." एकदा दाखवा तरी, म्हणजे.

वर्ष भरायच्या आत शब्द पाळायला हवा. नाहीतर ती इथंच अडकायची — मोरीत, बांगड्यांत. कुणाला सांगितलेलं नाही.

१० ऑक्टोबर

शेजारचा योगेंद्र त्याची ट्रॅक्स गाडी घेऊन येतो म्हणाला. नकाशा पसरला. वापी, मनोर, भिवंडी, पनवेल, माणगाव — आणि मग घाट उतरला की श्रीवर्धन. नुसती नावं म्हटली तरी वृत्तात बसल्यासारखी वाटतात! आश्विनात तिकडं गवत सोनेरी होतं म्हणे, आणि मधूनमधून काळा दगड वर आलेला. बोट फिरवत बसलो.

"मधली खिडकीजवळची जागा कुणाला देऊ नको," मी म्हणालो.

"कोई आनेवाला है क्या आबा?"

"आहे."

"खाली सीट पण डिझेल पिते हो!" म्हणून हसला. मी हसलो नाही, मग त्यानं नकाशाची घडी घातली.

१४ ऑक्टोबर

आज सुरतेजवळचं डुमस आठवलं. समुद्र म्हणून तिला नेलं ते तिथंच, एकदा. काळी वाळू, गढूळ पाणी, कातळाचं नाव नाही. ती टमाट्याची भजी खात बसली. मी कविता म्हणत चालत राहिलो. पाणी कंबरेला कधी लागलं, कळलंच नाही. मागून तिनं मनगट धरून असं ओढलं! बांगडी रुतून वळ उठला. लोक बघत होते.

"ओ गोपालना बाप! घर आठे शे!"

घर इथं आहे. तेव्हा होतं खरं.

२७ ऑक्टोबर

आज चंदी पडवा, कोजागरीचा दुसरा दिवस. सगळ्या सुरतेसारखी आमच्याकडेही घारी आली, तुपात बुडवलेली माव्याची मिठाई. खाता खाता तोंडून गेलं — "एकदा तिथं पोचलो की परत यायचं तरी काय अडलंय!"

उज्ज्वलाचा हात थांबला. गोपाल बाहेर गेल्यावर जवळ येऊन बसली.

"आबा, रागावू नका. दहाव्याला सगळे बोलले, तसं मीही एक बोलले होते, मनात."

"काय?"

"आईंनी दवाखान्यात माझा हात धरून सांगितलं होतं. 'यासले समुद्राकडे जाऊ देऊ नको. हाऊ मानूस पानी दखीसन भान इसरी जास.' पाणी दिसलं की तुमचं भान सुटतं म्हणून. दहाव्याला मी मनात म्हणाले, नाही जाऊ देणार, आई. आणि तेवढ्यात कावळा शिवला."

घारी तशीच राहिली.

कावळा कुणाच्या शब्दावर उतरला?

२८ ऑक्टोबर

लाइट गेली. माग थांबले. कान लावून बसलो. काही नाही. आज हवं होतं तर काही नाही!

२९ ऑक्टोबर

मी म्हणालो, नको जायला. कारण विचारलं, तेव्हा दोघांचेही शब्द गोपालला सांगावे लागले. तो उखडला. "तिकडच्या भटजींना कळवलंय, गाडी ठरली. आता काय कावळ्याला विचारून येऊ?"

उज्ज्वलाच मध्ये पडली. "जाऊ. पण पाण्यापाशी आबांचा हात मी धरीन. आईंना काळजी तेवढीच होती. आबांचाही शब्द राहील, माझाही."

केवढी शहाणी पोर. पण सरलाला खरं काय हवं होतं? एवढी वर्षं सोबत काढून मला हे सांगता येत नाही.

१ नोव्हेंबर

उद्या पहाटे निघायचं. ट्रॅक्स दारात उभी आहे. खिडकीजवळच्या जागेवर सरलाची निळी शाल घडी घालून ठेवलेली. मी नाही ठेवली. उज्ज्वलाला विचारलं, तर म्हणाली, "थंडी वाजेल ना आईंना." आणि आत पळाली.

३ नोव्हेंबर, हरिहरेश्वर

श्राद्ध झालं. ओहोटी होती. डोंगराच्या कपारीतल्या अरुंद पायऱ्या उतरलो — आणि कातळ! काळा, मधाच्या पोळ्यासारखा भोकाभोकांचा. लाट तेच पुन्हा सांगत होती. कविता म्हणत पुढं गेलो. उज्ज्वलानं मनगट घट्ट धरलेलं. मोठी लाट आली तेव्हा तिनं असं ओढलं की मी मागं कातळावरच बसलो. हसू आलं. "अगं, हळू!" म्हणून वळलो.

मागं कुणी नाही. उज्ज्वला वर, पहिल्या पायरीवर. भोवळ आली होती तिला, गोपाल पाणी पाजत होता. वरूनच ओरडली, "आबा, तुम्ही एकटेच उतरले?"

मनगटावर बांगडीचा वळ आहे.