चौतीस पोरांच्या जन्मतारखा

काष्टीनजीक, गुरुवार, १४ सप्टेंबर १९४४

तीर्थरूप यशयादादा यांस मेव्हणा अब्राहाम याचा सलाम पोचावा. वहिनींचे गुडघे कसे आहेत? तुमचा दमा? तुमची बहीण कृपा आणि आमची मेरी तिकडे कर्जतला सुखरूप पोचल्या असतीलच. मीही बरा आहे असं लिहिणार होतो, पण ते खरं नाही. (हल्ली खोटं लिहायची मी धास्तीच घेतली आहे.)

चार तारखेला शाळा तपासायला नवे दिपोटी आले. आजवरचे दिपोटी पाढे म्हणवून घेत, चहा पीत आणि जात. हे गणितातले बी.ए. निघाले. त्यांनी दाखल्यांचं रजिस्टर मागितलं आणि चौतिसांपैकी एकोणतीस पोरं एक जूनला जन्मलेली पाहून चष्मा काढला. आता दादा, तुम्हीही मास्तरकी केली आहे. आईबापांना तारीख ठाऊक नसते, शाळा जूनमध्ये भरते, मग मास्तर दुसरं काय लिहिणार? पण हे साहेबांना सांगायची छाती झाली नाही. मी म्हटलं, देवाची इच्छा. साहेबांनी खडू घेतला आणि एकाच दिवशी इतकी पोरं जन्मायचा संभव किती, म्हणून तीनशे पासष्टाला तीनशे पासष्टाने गुणत सुटले. सहाव्या गुणाकाराला फळा संपला. तारखा दुरुस्त करून ठेवा, पुढच्या सोमवारी पाटलाच्या जन्ममृत्यूच्या वहीशी एकेक तारीख ताडून पाहीन, नाही जुळल्या तर तुम्ही घरी बसायचं, एवढं बोलून गेले.

पाटील काही आपली वही दाखवेनात, म्हणून आठवडाभर दारोदार फिरलो. साळूबाई म्हणाली, ‘तवा लई ऊन हुतं, येवढं ध्यानात हाय.’ रंगुबाईला पोराचा दिवस आठवेना, पण त्याच सुमारास व्यालेल्या म्हशीचा सगळा वंश तोंडपाठ. शेवटी हात टेकले आणि शनिवारी नवं रजिस्टर करून चौतीसही तारखा मनाने ठोकून दिल्या, वर्षभर नीट पांगवून. मग संभव काढायला बसलो, तोच गाढवपणा झाला. माझी एक तारीख पाटलाच्या वहीशी आपोआप जुळायचा संभव तीनशे पासष्टात एक. चौतीसही जुळायच्या म्हटलं तर एकाखाली अठ्ठ्याऐंशी आकडी संख्या येते. रविवारी देवळात पाळकांचा एक शब्द कानात शिरला नाही. नोकरी गेली तर पोरीला काय घालू, एवढंच डोक्यात घोळत होतं.

सोमवारी सूर्यभान पाटील स्वतः वही काखेत मारून आले. साहेबांनी पहिलं नाव वाचलं. तारीख जुळली. दुसरी जुळली. तिसरीला मी मनातल्या मनात प्रभूचे आभार मानले. सातवीला घाम फुटला. पंधरावीपासून एखादी तरी चुकू दे म्हणून प्रार्थना करू लागलो, कारण इतकं जुळतं कुठे? चौतीसच्या चौतीस जुळल्या. मला वाटलं, साहेब आता फौजदाराला बोलावणार. पण ते उलट गहिवरले. दोन माणसांनी एकमेकांना न विचारता ठेवलेल्या नोंदी अशा जुळतात म्हणजे दोन्ही खऱ्याच, असा झकास शेरा मारून गेले. त्यांची गाडी दिसेनाशी झाल्यावर पाटलांनी मला भिंतीआड ओढलं. ‘मास्तर, आमची वही वाळवीनं खाल्ली वो. रविवारी तुमी देवळात गेल्तां, तवा आमच्या छगननं शाळंत बसून तुमचंच उतरून घेतलं. तुमी शिकलेलं मानूस, बरूबरच आसंल.’

तर नोकरी वाचली. जीव मात्र ठिकाणावर नाही. वहिनींना सलाम, लहानांना पापा.

आपला,
अब्राहाम

ता. क. त्या चौतिसांत आमची मेरीही आहे. घाईत तिचीही तारीख मी मनानेच ठोकली. मंगळवारी कृपाने रजिस्टर चाळलं आणि शांतपणे विचारलं, ही कुणाच्या पोरीची तारीख? मी घाबरून दुसरी सांगितली. तीही चुकली. खरी तारीख आठवेल त्या दिवशी न्यायला या, म्हणाली आणि पोरीला घेऊन काष्टीच्या बाजारच्या गाडीत बसली.

ता. क. दुसरा. मेरीचा बाप्तिस्मा तुमच्याच देवळात झाला. तिथल्या वहीत जन्मतारीख असेल, ती गुपचूप पाहून उलटटपाली कळवा. अंदाजाने सांगायचं तर आता तीनशे त्रेसष्टात एक संभव उरलाय, आणि दादा, तुमची बहीण दिपोटी नाही.