रिकाम्या खुर्चीपुढे डोलावलेली मान

११ नोव्हेंबर
वीस वर्षांपूर्वी माझे पहिले संपादक म्हणाले होते, ‘‘मान जपून डोलवत जा बाई, ती कुठेही चिकटवता येते.’’ हसण्यावारी नेलं होतं मी. मुलाखत संपून पाहुणा गेला की रिकाम्या खुर्चीकडे बघून आम्ही माना डोलावतो — काटछाट झाकायला ते तुकडे लागतात. सगळेच करतात.

काल रंगाच्या कारखान्यातल्या सुपरवायझरबाईंची मुलाखत दाखवली. वायू गळून तिघं इस्पितळात आहेत. मी विचारलं होतं, झडप बिघडल्याचं वर कळवलं कुणी? त्या म्हणाल्या, ‘‘मीच.’’ पडद्यावर माझ्याच आवाजात प्रश्न निराळाच, दुसऱ्या कुणाला विचारलेला — झडप उघडी राहिली, जबाबदार कोण? मग माझी मान. मग त्यांचं ‘‘मीच.’’

१२ नोव्हेंबर
बाईंना कामावरून काढलं. तडक साहेबांच्या केबिनमध्ये गेले. चॅनेल त्यांचं, आणि निम्म्या जाहिराती त्या कारखान्याच्या! म्हणाले, तांत्रिक चूक, मूळ चित्रीकरण पुसलं गेलंय, आता उगाळू नका. त्याच दमात नऊच्या बातम्या देऊ केल्या. मी सांगितलं, शुक्रवारी माझ्या कार्यक्रमात खरं काय ते सांगणार. तो थेट असतो, त्यात कात्री चालत नाही. चहा संपवूनच उठले.

१३ नोव्हेंबर
झोप मस्त लागली!

१४ नोव्हेंबर
वकील मैत्रीण म्हणते, नुसत्या तुझ्या शब्दावर बाईंना नोकरी परत मिळायची नाही. ज्यानं ते जोडलं, तो बोलायला हवा. म्हटलं, हुडकून काढते त्याला.

दुपारी धाकटा भाऊ आला. एडिटिंगला मीच लावलंय त्याला. जेवायला वाढलं, तर भात नुसता चिवडत बसला.
‘‘ताई, कुणाला शोधू नकोस. मीच जोडलं. साहेब मागे उभे होते.’’
त्याच्या बायकोला सातवा महिना आहे. मी पाठीवर हात ठेवला. रागवायचं राहूनच गेलं.

१५ नोव्हेंबर
शुक्रवारी मी बोलणारच, त्यात बदल नाही. धाकटा मात्र नाही म्हणेल, माहीत आहे. तरी आत्ताच त्याला मेसेज टाकला — ‘उद्या सकाळी माझ्याबरोबर बाईंच्या घरी चल. माझ्यापाशी बोललास ते त्यांच्यासमोर बोल.’