ढ ची किंमत काढा

बाबा,

शुक्रवारी एक भाषांतर द्यायचं आहे आणि ते बाजूला सारून मी हे लिहीत बसले आहे. इतकी वर्षं वर्तमानपत्राच्या पुरवण्या वेळेवर काढल्या, तेव्हा एक सकाळ तुमच्यावर वाया घालवायला हरकत नाही. पुस्तक तुमच्याच विषयाचं आहे: फंक्शनल प्रोग्रॅमिंग या कॉम्प्युटरच्या पद्धतीची तोंडओळख, मराठी माध्यमातून कॉलेजात आलेल्या मुलांसाठी. प्रकाशनाच्या संपादिकाबाईंना वाटलं, मुलुंडच्या कॉलेजात हा विषय शिकवणाऱ्या सरांची मुलगी, म्हणजे हिला तो घरबसल्या मिळाला असणार. मी त्यांचा गैरसमज दूर केला नाही. नाहूरच्या घरी आले, तुमचं कपाट उघडलं आणि स्वतःला प्रवेशिका म्हणवणारी त्यातली सगळी पुस्तकं काढून पहिल्या पानापासून शिकायला बसले. तुम्ही गेल्यावर, माझ्या पन्नाशीच्या तोंडावर, तुमच्याच जेवणाच्या टेबलापाशी.

या पुस्तकांचं आणि तुमचं का जमायचं ते आता कळतं. प्रस्तावनेत लिहिलेलं असतं की वाचकाला काहीही येत नाही असं आम्ही धरून चाललो आहोत. चार पानं उलटली की सुरू होतं: हे उघडच आहे, सहज लक्षात येईल, उरलेला भाग वाचकाने स्वतः करून पाहावा. आवाज न चढवता माणसाला खाली बसवायची ही रीत. तुमच्या शोकसभेत विद्यार्थी एकामागून एक उठून सांगत होते की सरांनी कधी आवाज चढवला नाही. खरं आहे, तुम्हाला गरजच पडली नाही. भाषांतरात दिसेल तो ‘उघडच आहे’ मी काढून टाकते आहे. संपादिकाबाईंनी फोन करून विचारलं, मुळात आहे ते गाळायचं कसं? मी म्हटलं, उघड असेल तर लिहायचं कारण नाही, आणि नसेल तर ते खोटं आहे. त्या हसल्या आणि तयार झाल्या. तो युक्तिवाद करायची पद्धत तुमची होती हे फोन ठेवल्यावर लक्षात आलं आणि दिवसभर माझं डोकं फिरलेलं होतं.

आई आत स्वयंपाकघरात आहे. डब्यांवर तुम्ही चिकटवलेल्या पट्ट्या अजून आहेत, तुमच्या त्या छापल्यासारख्या अक्षरातल्या. साखर, तूरडाळ, रवा, पोहे. आत काय आहे याच्याशी त्यांचा आज काही संबंध उरलेला नाही, आणि तेव्हाही फारसा नव्हता. एका रविवारी तुम्ही तूरडाळीचा डबा उघडलात आणि आत मूग निघाले. तुम्ही तो आईसमोर धरलात, नुसता धरलात. आई म्हणाली, “अहो, तूर संपली म्हणून मूग भरले. डब्याला काय कळतंय?” त्यावर तुम्ही तिला आणि मला उभं करून समजावून सांगितलंत की नाव एकदा दिलं की दिलं. तूरडाळ लिहिलं तर आत तूरडाळच. नाहीतर या घरात कशाचाच भरवसा नाही. आई कढईकडे वळली. मला मात्र ते पटलं होतं.

आता समजतं की त्या दिवशी तुम्ही आम्हाला विषयाचा पहिला धडा शिकवत होता. शाळेच्या गणितात ज्याला आपण चल म्हणतो, तो या विषयात चळतच नाही. क्ष म्हणजे पाच असं एकदा लिहिलं की तो पाच. पुढच्या ओळीत त्याला सहा करता येत नाही. वेगळी किंमत हवी असेल तर वेगळं नाव शोधा. प्रोग्रॅमिंगच्या बाकीच्या भाषांत क्ष दर ओळीला रंग बदलतो, आणि अशा भाषा तुम्हाला जात्याच खोट्या वाटायच्या. त्यात सौंदर्य आहे हे मी मान्य करते. पण तुम्ही ते सौंदर्य प्रोग्रॅमपुरतं ठेवलं नाहीत. माणसांनाही तसंच लावलंत.

बारावीची परीक्षा झालेली. मला मराठी घेऊन बी.ए. करायचं आहे. तुमचं म्हणणं, आधी सुट्टीभर माझा विषय करून बघ, भाषा कुठे पळून जात नाही. रोज सकाळी मी याच टेबलापाशी बसते आणि तुम्ही शेजारी. त्या दिवशी अंधेरीहून तुमचे एक सहकारी आले आहेत. आई पोहे करते आहे. मुलीची प्रगती दाखवायची म्हणून तुम्ही मला सांगता, आकड्यांची एक यादी दिली आहे, तिची बेरीज करणारं फंक्शन लिही. मी लिहिते. बेरीज शून्य. मग पहिला आकडा, पाच, आला की बेरीज म्हणजे आधीची बेरीज अधिक तो. कुणीही शहाणं माणूस बेरीज अशीच करतं. तुम्ही कागद ओढून घेता.

“बेरीज म्हणजे किती?”

“शून्य.”

“आणि खालच्या ओळीत?”

“पाच.”

“मग खोटं कुठलं? वरचं की खालचं?”

मी दोन्ही ओळी पुन्हा वाचते. पाहुणे गंमत बघितल्यासारखे हसतात. तुम्ही त्यांच्याकडे वळून, अगदी शांतपणे, हवामानाबद्दल बोलावं तसं म्हणता, “ढ आहे हो ही. भाषेकडे जातेय ते बरंय.” पाहुणे म्हणतात, “काय सर, तुमचीच ना?” आणि तुम्हीही हसता. आई बशा ठेवते आणि पोहे गार होतील म्हणते. मी खाते. लिंबू पिळून घेते. मला हवं होतं तेच मिळालं, बाबा, पण शिक्षा म्हणून मिळालं.

उत्तर काय होतं ते आता सांगते, कारण तुम्ही त्या दिवशी सांगितलं नाहीत. यादीची बेरीज म्हणजे पहिला आकडा अधिक उरलेल्या यादीची बेरीज. यादीत काहीच उरलं नाही तर शून्य. एवढंच. कुठे काही बदलावं लागत नाही, कुठे खोटं बोलावं लागत नाही. पोह्यांचा घास गिळायच्या आत सांगून झालं असतं. पण तुम्ही मला एक नाव दिलंत, आणि तुमच्या विषयात दिलेलं नाव मागे घेत नाहीत. मी बी.ए.ला पहिली आले, पुरवणीची संपादक झाले, दर रविवारी घाटकोपरपासून बोरिवलीपर्यंत लोक माझं लिहिलेलं वाचत होते. तुम्हीही वाचत होता आणि छापील चुका दाखवत होता. पहिली नोकरी लागली तेव्हा तुम्ही मला यातलंच एक, त्या सुट्टीत वापरलेलं, पुस्तक दिलंत आणि म्हणालात, आता वेळ मिळेल तसं बघ. तो टोमणा होता की दिलगिरी, यावर मी बराच विचार वाया घालवला. यंदा ते उघडून पानं झटकून पाहिली. गोष्टीत असते तशी चिठ्ठीबिठ्ठी काही पडली नाही.

त्या पुस्तकात एक पान आहे. सुट्टीत आपण तिथे पोहोचलो तेव्हा तुम्ही ते उलटून पुढे गेलात. “असं लिहिता येतं,” म्हणालात, “पण सभ्य माणूस लिहीत नाही.” मी भाषांतर करते आहे त्यात मात्र ते पान टाळता येत नाही. गोष्ट साधी आहे. बाहेर एका नावाला एक किंमत दिलेली असते. प्रोग्रॅमच्या आतल्या एखाद्या छोट्या भागात तेच नाव घेऊन त्याला नवी किंमत देता येते. आत असेपर्यंत नवी चालते. बाहेर आलात की जुनी जशीच्या तशी. कोणी काही पुसत नाही, कोणी काही मागे घेत नाही. इंग्रजीत त्याला शॅडोइंग म्हणतात. मराठीत शब्द सुचेना, तर आईच्या डब्यांकडे बघून मी ‘झाकणं’ असं लिहिलं. आतलं नाव बाहेरच्या नावाला झाकतं. तुम्हाला हे सगळं माहीत होतं, बाबा. तुमच्या विषयात याची सोय होती आणि तुम्ही पान उलटलंत.

या धड्याखाली उदाहरण द्यावं लागतं. इंग्रजी पुस्तकात नाव एक्स आहे, आपल्या शाळेच्या सवयीने तिथे क्ष यायला हवं. मी ढ लिहिलं. बाहेर ढ म्हणजे शून्य. आत ढ म्हणजे पाच. खाली प्रश्न: आतल्या भागात आणि बाहेरच्या भागात ढ ची किंमत काढा, यांतलं खोटं कुठलं ते सांगा. संपादिकाबाई म्हणाल्या, “ढ कशाला हो? मुलं हसतील.” मी म्हटलं, हसू देत, त्यांच्यातल्या बऱ्याच जणांना कोणीतरी म्हटलं असेल. त्या म्हणाल्या, ठेवा. पुस्तकाच्या शेवटी उत्तरं द्यायची आहेत. तिथे लिहिलं आहे: आत पाच, बाहेर शून्य, खोटं कुठलंच नाही.

छापायच्या आधी चालवून बघायला हवं म्हणून काल सकाळी ते चालवलं. यंत्राने नावाला काही आक्षेप घेतला नाही. पाच आलं, मग शून्य आलं, जसं यायला हवं तसं. आणि माझी मान वळली, तुमच्या खुर्चीकडे. ती भिंतीला लावलेली असते, तिच्यावर आईच्या धुतलेल्या पिशव्या असतात.

माझी टकटक थांबलेली ऐकून आतून आईने विचारलं, “कोण आलं गं?”

कोणी नाही, म्हटलं. पण लगेच नाही म्हटलं. तुम्ही ‘बरोबर’ म्हणाल म्हणून मी जरा वेळ थांबले होते.