वाफेवरचे कानवले

देगलूर,
२ मार्च १९८६

तीर्थरूप आक्कास,
भुजंगचा शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. लातुरात नव्या कलेक्टर कचेरीच्या बांधकामावर पिराजीमामांनी चारचौघांत दाजींना ऐकवलं, की तुमचा मेहुणा हैदराबादच्या चिनी हॉटेलात आचारी नव्हता, बशा धुत होता. हे वाचून माझी भूकच गेली. सुरुवातीला बशा धुतल्या हे खरं. पण पुढे कानवले भरायचं काम माझ्याकडेच होतं. आता मामा म्हणतात, याच्या हातचं खाऊन बघतो, मगच आमच्या पोरीचं, रुक्मिणचं ठरवू. सोळा तारखेला येऊ देत. डुकराचा खिमा आणि सोयाबीनचं पनीर भरून मैद्याचे कानवले वाफवणार आहे. तिकडे त्या पनीरला टोफू म्हणतात.

अडचण पाण्याची आहे. टँकरमागं पळून आई दमते. सोयाबीन भिजवायला घागर मागितली तर म्हणाली, माणसांना प्यायला नाही आणि तू दाण्यांना पाजून राहिलास. काल जपून वाटलं, लिंबू पिळून दूध फाडलं, पण सारणाला पाणी सुटलं आणि कानवले चाळणीवरच फुटले. आई हसली. मला हसू आलं नाही. काय करू ते लगेच कळव.

धाकट्याला मनातून उतरवू नकोस.
तुझा,
भुजंग

लातूर,
७ मार्च १९८६

चि. भुजंगास,
अनेक आशीर्वाद.

अरे, पनीर फडक्यात बांधून वर पाटा ठेव, म्हणजे पाणी निथळेल. ते पाणी सांडू नको, त्याच्यावरच कानवले वाफव. आईची घागर वाचेल. दिवाळीत कानवल्यांना मुरड घालायला तू माझ्याआधी बसायचास, पोरं तुला भुजंगाबाई म्हणून चिडवायची, तरी उठायचा नाहीस. मग आता कशाला भ्यावं?

एक मात्र ऐक. रस्सा कर. मटणासोबत रस्सा नसला तर पिराजीमामा त्याला जेवण म्हणत नाहीत. मागं एका सोयरिकीत कोरडं वाढलं म्हणून ताटावरून उठले होते.

रुक्मिण भेटली होती. विचारत होती, चुलीपाशी बसणारा नवरा बायकोच्या स्वयंपाकाला नावं ठेवत असेल का. मी म्हणाले, नावं नाही ठेवणार, पण मीठ घातलं का ते चारदा विचारेल. लई हसली. पोरगी गुणाची आहे, हातची घालवू नको.

आक्कावरची माया अशीच राहू दे.
तुझी,
पंचफुला

देगलूर,
१७ मार्च १९८६

तीर्थरूप आक्कास,
शि. सा. न. वि. वि.

आधी खाली बस, मग वाच. एकही कानवला फुटला नाही!

रस्सा मात्र मी केला नव्हता. त्या हॉटेलात सोबत फक्त मिरचीची चटणी असायची, आणि मी हट्टाला पेटलो होतो. मामा-मामी पानावर बसले. मामांनी भाकरी कुस्करायला घेतली आणि ताटात रस्सा शोधू लागले. मी चटणी आणायला वळलो, तेवढ्यात आईनं पदराखालून पातेलं काढलं. शेजारणीच्या चुलीवर येसूर मसाला घालून हाडांचा झणझणीत रस्सा करून ठेवला होता तिनं. तो सगळाच्या सगळा माझ्या कानवल्यांवर ओतला. आक्का, एवढ्या नाजूक मुरडी, आणि सगळ्या बुडाल्या!

मामांनी एक तोंडात टाकला. दुसरा टाकला. मग भाकरी बाजूला सारली आणि पातेलंच जवळ ओढलं. मामी म्हणाल्या, अशी मुरड बाईच्याच हातची, ही आईनंच घातली असणार. त्यावर आपली आई फणकाऱ्यानं म्हणाली, की मला जन्मात अशी जमली नाही, आणि तिनं मला सगळ्यांपुढे एक कानवला भरायला लावला. मी चुणीवर चूण घालत मुरड पुरी केली. मामांनी तो हातावर घेऊन फिरवून पाहिला. म्हणाले, हा बशा धुणारा हात नव्हं.

निघताना त्यांनी आईला बजावलं, की लग्नात हेच करा, रश्श्यासकट. फक्त आचारी दुसरा बघा, नवरदेवाला बोहल्यावर उभं राहावं लागतं.

तेव्हा दाजींना घेऊन लवकर ये. लग्नातल्या कानवल्यांना मुरड घालायला त्यांनाच शिकवणार आहे.

तुमच्या दोघांच्या मायेचा हक्कदार,
भुजंग