अंतरपाट पडल्यावर

नेकनूर,
ता. ११ मे १९७३

श्री. अर्जुनराव यांस राधाकिशन याचा नमस्कार.

तुमच्या घरी देवाच्या कृपेनं सगळे बरे असतील. इकडे या दुष्काळात माणसं आणि जनावरं कशीबशी तग धरून आहेत. सोसायटीच्या छावणीत कडबा येतो. पाण्याचा टँकर आला तर आला. तुमचं आमंत्रण पोचून पंधरवडा झाला. स्टुडिओ पाडण्याआधी जुन्या मंडळींना तिथं एकदा जमवायचं आहे, सुंदरबाईंनी यावंच, असं तुम्ही लिहिलंत. सुंदरबाई म्हणजे माझं कुटुंब. उत्तराला उशीर का झाला हे सांगायचं तर मागच्या सोमवारची सकाळ सांगावी लागेल.

त्या सकाळी महादेवाच्या देवळात मी भरल्या पूजेतून उठलो. पाऊस यावा म्हणून आमच्याकडे पिंड पाण्यात कोंडतात. गाभाऱ्याच्या उंबऱ्याला चिखलाचा बांध घालायचा आणि पिंड बुडेपर्यंत घरटी एक तांब्या पाणी ओतायचं. पहिला तांब्या जोडप्याचा. मी सोसायटीचा चेअरमन, म्हणून मान आम्हाला. त्रिंबकगुरुजी म्हणाले, "वहिनी, यजमानांच्या हाताला हात लावा." तिनं बोटं टेकवली आणि मी हात काढून घेतला. सगळा गाव बघत होता. मी चपला घालून घरी आलो. ती मात्र उठली नाही. तिनं एकटीनं तांब्या ओतला, असं मागून कळलं.

आमचं लग्न ठरलं तेव्हा तिच्या मावशीनं, तुळजाबाईनं, काही लपवलं नव्हतं. मावशी कोल्हापूरला सिनेमा कंपनीचे कपडे शिवायची. आईवेगळी पोर तिच्याजवळ, म्हणून कॅमेऱ्यापुढं उभी राहू लागली. कुणाची मैत्रीण, कुणाची मोलकरीण. नायिका रडायची तेव्हा मागं परात धरून उभी असलेली ती सुंदर. मी यातलं काही पाहिलेलं नव्हतं, त्यामुळे मला त्याचं काही वाटतही नव्हतं.

गेल्या महिन्यात पाझर तलावाच्या कामावरल्या लोकांसाठी सोसायटीनं तंबूतला सिनेमा आणला. जुना मिळाला. त्यात नायिकेच्या मैत्रिणीचं लग्न लागतं. ती मैत्रीण सुंदर निघाली, कोवळी, मुंडावळ्या बांधलेली. नवरदेव तुम्ही. भटजी खरे, होम खरा, मंगलाष्टकं एक शब्द न गाळता म्हटलेली. माझ्या मागून सटवा ओरडला, "चेअरमन, तुमचा नंबर दुसरा हाय की!" सगळा तंबू हसला. मीही हसलो.

मी पोथी वाचणारा माणूस आहे. मंत्र खोटे असतात असं मी मानत नाही. दुसऱ्याच्या नावानं जिच्यावर अक्षता पडल्या, तिचा हात हाताला लावून गावासाठी पाऊस मागितला तर देव कसा ऐकेल, हे माझ्या मनात बसलं. सोमवारी ती देवळातून परत आल्यावर मी तिला हेच सांगितलं. ती रेशनची मिलो ज्वारी निवडायला बसली होती.

"लग्न खरं धरता, मग मरण बी धरा की," ती म्हणाली. "त्याच पिक्चरमंदी मी पटकीनं मेले. दहा दिवस सुतक पाळा आन् सैपाकाला दुसरी बघा."

मला खरं खुपत होतं ते वेगळंच होतं.

अर्जुनराव, तो सिनेमा मी दोनदा पाहिला. तंबू घाटनांदूरला गेला तेव्हा कडब्याचं काम आहे असं घरी सांगून मी एसटीनं मागोमाग गेलो. लग्नापर्यंत खाली मान घालून बसलो. अंतरपाट पडतो आणि ती वर तोंड करून तुमच्याकडं बघते, तेवढंच मला बघायचं होतं. पंचवीस वर्षं ही बाई माझ्या घरात आहे. मला विषमज्वर झाला तेव्हा महिनाभर तिनं पाठ टेकली नाही. पण तसं बघणं माझ्या वाट्याला कधी आलं नाही. तुमच्या वाट्याला ते फुकट आलं.

बुधवारी शेवटी विचारलंच. "त्याच्याकडं तसं काहून बघितलंस?"

तिनं धान्यातले वेचलेले खडे बाजूला टाकले. मग म्हणाली, "डायरेक्टर वरडायचा, वर बघ, वर बघ. आपल्या लग्नात समद्या बायकांनी माझी मुंडी खाली दाबून धरली व्हती. तुमचे निस्ते पाय दिसले मला."

"आन् अर्जुनराव?"

"त्येंच्या तोंडाला कांद्याचा वास यायचा."

हे तुम्हाला कळवू नये असं वाटलं होतं, तरी कळवतो आहे. ऐकून मला फार बरं वाटलं, तेही कळवतो. पण पुढं ती जे बोलली त्यानं ते बरं वाटणं टिकलं नाही. "मला आवडलं व्हतं तसं वर बघायला," ती म्हणाली. "त्या खोलीत लई उजेड असायचा. अजून आठवतो." आणि खाली बघूनच तिनं विचारलं, "जाऊ का?"

दोन दिवस मी उत्तर दिलं नाही. मला मत्सर तुमचा वाटतो असं समजत होतो. आता तो उजेडाचाही वाटू लागला आहे. उजेडाशी भांडायला जावं कुठं?

बीड, शनिवार

पुढचं स्टँडवर लिहितो आहे. सोलापूरची गाडी लागली आहे. तिला मी खिडकीपाशी बसवलं. सोबतीला शिरूर कासारहून तिचा भाऊ शहादेव आला आहे. सोलापूरला गाडी बदलतील. तिला प्रवास लागतो, हे तुम्हाला माहीत असायचं कारण नाही. उतरल्यावर लगेच बोलायला लावू नका. लिंबू द्या आणि सावलीत बसू द्या. मी आलो नाही, कारण तिथं ती कशी बघते ते मला मोजत बसायचं नाही.

जळफळाट संपला असं लिहिलं तर ते खोटं होईल. परत कधी येशील, हे मी तिला विचारलेलं नाही. पाकीट न चिकटवता तिच्याच हातात देतो आहे.

सुंदरबाईचा नवरा,
राधाकिशन