पोचलो, पण कुणाकडे?

हिंगोली,
१२ डिसेंबर २००९

ति. दादास,

धाकट्या करुणाचा जय भीम. गुडघा कसा आहे? वहिनींचं लोणचं पोचलं आणि संपलंही.

तुझ्या भाच्याला, विकासला मुलगी पाहायला आम्ही सेनगावकडे गेलो, त्याची हकीकत ऐक. (पाचवं स्थळ. आधीच्या चारही ठिकाणी तो नुसता बशीकडे बघत बसला होता.) त्याने पुण्याहून रस्ता सांगणारं यंत्र आणलंय. त्यातली बाई थेट माझ्या कॉन्व्हेंटच्या सिस्टरांसारखं इंग्रजी बोलते, त्यामुळे तिचा शब्द मोडायचं माझ्या मनातही येईना. तिने डावीकडे म्हटलं की मी मराठीत ओरडायची आणि विकास गाडी वळवायचा. हे शेजारी बसून काचेवरचा बाण बघत होते. अरे, तीस वर्षं मोजणी खात्यात साखळी घेऊन ज्यांनी हा तालुका पायी तुडवला, बांधावरची बाभळ न् बाभळ ज्यांच्या ओळखीची, त्यांना सूर्य कुठल्या बाजूला आहे तेही बघावंसं वाटलं नाही! तुरीतून एक बाई ओरडली, "साहेब, तिकडं काहून चालले? गाव मागं राहिलं!" तर हे म्हणाले, तिच्याकडे यंत्र आहे का?

शेवटी सिस्टर म्हणाल्या, पोचलात. समोरच्या घरी पाय धुवायला पाणी मिळालं, मग पोहे. (पाहुण्याचं खाणं होईस्तोवर कोण, कुठले असं आपल्याकडे कुणी विचारत नाही.) भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो, म्हणून आम्हीही निश्चिंत. चहा घेऊन आलेल्या मुलीने नाव शितल सांगितलं. (स्थळाच्या कागदावर निलम होतं. घरचं नाव असेल म्हटलं.) विकासने विचारलं, स्वयंपाक येतो का? ती म्हणाली, "येतो की. तुमाला येतो का?" तो हसला. दादा, मोठ्याने हसला रे.

तेवढ्यात ह्यांचा मोबाइल वाजला. जिला पाहायला निघालो होतो त्या निलमचे वडील, भिवाजी. "पाव्हणे, कुठं राहिले? पोहे गार होऊन राहिले." ह्यांच्या घशात दुसऱ्या बशीतला शेंगदाणा अडकला. शरमेने आम्ही असे उठलो की ना आडनाव विचारलं, ना गाव. पुढे विचारत विचारत भिवाजींकडे गेलो. तिथे विकास पुन्हा बशीकडे बघत बसला.

तुझी,
करुणा

ता.क. विकास म्हणतो, करीन तर शितललाच. पण तोच पत्ता घातला तर यंत्र आता भिवाजींच्याच दारात नेतं, आणि आम्हा तिघांपैकी कुणीच खिडकीबाहेर पाहिलं नव्हतं. तू गुरांना लस टोचत गावोगाव फिरायचास, तेव्हा विहिरीचं पाणी चाखून गाव सांगायचास. निघताना शितलने वाटेसाठी बाटली भरून दिली होती. पत्र आणणाऱ्या अमृतरावांकडे ती दिली आहे. चाखून लगेच कळव.

ता.क. दुसरं. बाटली अर्धीच कशी, असं विचारू नकोस. विकास रोज सकाळी त्यातला एक घोट घेत होता.