उजव्या खिशातले चिंचोके

बाबा, आज सकाळी तुमचा नातू डाव्या हाताने पोहे खात बसला होता. समोर मोबाइल उभा केलेला, त्यात अमेरिकेतला बेसबॉलचा सामना. तिथली रात्र म्हणजे आपली सकाळ. पिचरने बॉल टाकला की पडद्याच्या कोपऱ्यात वेगाचा आकडा उमटतो, मैलांत. अठ्ठ्याण्णव, नव्याण्णव, मग शंभराच्याही वर. पूर्वी म्हणे शंभर टाकणारा एखादाच असायचा, आता त्यांना तोटा नाही. त्याने चित्र थांबवून मला त्या पिचरच्या कोपरावरचा व्रण दाखवला. "हेच ऑपरेशन आहे, आई. पाह्य ना, हा पहिल्यापेक्षा जोरात टाकून राहिला आता." मी त्याच्या ताटलीत अजून थोडी शेव घातली.

तुम्ही गेलात तेव्हा तो जन्मलाही नव्हता, म्हणून सांगते. तोही पिचर आहे. होता म्हणू की आहे, तेच सध्या ठरत नाही. गेल्या हिवाळ्यात शिबिरात वेग मोजायची बंदूक आली. बॉलवर रोखायची, की लगेच आकडा दिसतो. पोरं वेडी झाली. रोज कालच्यापेक्षा जास्त आकडा हवा. आकडा वर गेला की सगळे ओरडायचे, जाळीमागे उभी राहून मीही टाळ्या वाजवायचे. एका सकाळी बॉल भलतीकडेच गेला आणि तो कोपर धरून खाली बसला.

तुमचं तर अख्खं आयुष्य वेग मोजण्यात गेलं. रांझीच्या क्वार्टरमधून सायकलने तोफांच्या फॅक्टरीच्या चाचणीच्या मैदानावर जायचं, तोफेतून सुटलेला गोळा दोन चौकटींमधून जाताना किती वेळ लागला ते टिपायचं. त्यात तुमचे कान गेले. तोफेच्या नळीलाही आयुष्य असतं, हे आमच्या घरात शुभंकरोतीइतकं पाठ होतं. पूर्ण दारूचा गोळा सुटला की आयुष्यातला एक गेला, हलक्या दारूचे बरेच मिळून एक. आयुष्य संपलेल्या नळ्या गवतात पडून असतात, असं तुम्ही जेवताना सांगायचात आणि आई म्हणायची, पोरीच्या घशाखाली घास तरी उतरू द्या.

मी शाळेच्या बेसबॉल संघात बॉल टाकायला लागले तेव्हा तुम्ही तोच हिशोब माझ्या हाताला लावलात. क्वार्टरच्या मागे तुम्ही वेल्डिंगचा जाड चामडी हातमोजा घालून उकिडवे बसायचात. उजव्या खिशात चिंचोके. मी पूर्ण जोराने टाकला की एक चिंचोका उजव्या खिशातून डाव्यात जायचा. हळू टाकलेल्याला माफी. उजवा खिसा रिकामा झाला की दिवस संपला, मग मी कितीही नाक घासलं तरी उपयोग नाही. शेजारच्या काकू हसायच्या, "पोरीला काहून तोफ बनवून राहिले हो?" मला मात्र फार आवडायचं. आमच्या वर्गात कुणाच्या बापाने मुलीच्या हाताकडे इतकं लक्ष दिलं होतं?

मग निवड चाचणीचा तो दिवस. थंडी होती, पण माझा हात छान तापला होता. प्रत्येक बॉल पहिल्यापेक्षा जड पडत होता. निवड करणारे सर खुर्चीवरून उठून उभे राहिले आणि म्हणाले, "अब पूरी ताकत से, बेटा." तेवढ्यात तुम्ही दोरी ओलांडून मैदानात आलात आणि सगळ्यांसमोर माझ्या हातातून बॉल काढून घेतलात. "खिसा रिकामा झाला," तुम्ही म्हणालात. सर म्हणत राहिले की भाईसाहब, अभी तो शुरू हुआ है. तुम्हाला ते ऐकू आलं नाही, की ऐकायचंच नव्हतं, देव जाणे. संघ माझ्याशिवाय गेला. परतताना मी कॅरिअरवर बसून रडत होते. मागे न बघता तुम्ही म्हणालात, "नळी झिजली तर दुसरी बसवतात. तुझा हात मी कुठून आणू?"

दुसऱ्या दिवशी आईने तुमची कालची पँट मला धुवायला दिली. बादलीत बुडवण्याआधी सवयीने खिसे चाचपले, तर उजव्या खिशात चिंचोके होते. एखादा चुकून राहिलेला नव्हे, चांगले मूठभर.

मी ते मोरीत टाकून दिले. विचारलं कधीच नाही. पुढे तुमचे कान पुरतेच गेले, आणि असा प्रश्न ओरडून विचारायचा म्हणजे अख्ख्या कॉलनीला ऐकवायचा. तुम्ही घाबरला होतात, एवढं आता कळतं. पण कळलं म्हणून राग जात नाही. माझा हात आजही शाबूत आहे, बाबा. ऑफिसात शिक्के मारतो, कणीक मळतो, कधी दुखत नाही. त्याच्याकडे बघितलं की मला संताप येतो.

नागपूरच्या डॉक्टरांनी सरळ सांगितलं, कोपरातला स्नायुबंध तुटलाय. साधं आयुष्य जगायला ऑपरेशनची गरज नाही, हात आपोआप कामापुरता होईल. पुन्हा जोराने टाकायचं असेल तरच कापायचं. मग वर्षभर वाट पाहायची, आणि जमेलच असं नाही. पुन्हा तुटलं तर साध्या कामालाही रडायची पाळी येईल. अमेरिकेतले परत आलेले तेवढे दिसतात, ते म्हणाले, न आलेल्यांना कोण दाखवतं?

पोहे संपल्यावर त्याने मोबाइल बंद केला. "तू टाकलंयस, तुला समजते. तू म्हणशील तसं करतो." एकोणीस वर्षांचा पोरगा, खरंच माझ्यावर सोडून बसला होता. तुम्ही असतात तर चिंचोके बाहेर न काढताच नाही म्हणाला असतात, आणि बहुतेक तेच बरोबर ठरलं असतं.

मी म्हणाले, कर.

त्याने लगेच फोन लावून तारीख घेतली. तेव्हापासून इथे बसून हे लिहिते आहे. त्याला वाटतं, आईने माझा विचार केला. बाबा, मी त्याचा विचार केलाच नव्हता. मला त्या क्षणी फक्त तुमचा उजवा खिसा दिसत होता.